मीच पाडलं ते तंत्रनिकेतन

मी जाड पत्र्याची पाटी बोलतेय. गंजलेली आहे, पण कीव करू नका. मी सूड उगवलाय आणि मला त्याची काडीची लाज वाटत नाही!

माणिकपूरच्या ऑगस्टीन सरांनी माझ्यावर 'तंत्रनिकेतन' हे नाव रंगवलं. चित्रकलेचे निवृत्त मास्तर. अक्षर काढता काढता बोलायची त्यांना सवय. "पॉलिटेक्निक शब्द मूळचा ग्रीकांचा. पॉली म्हणजे पुष्कळ, टेक्ने म्हणजे हातातली कला. आपण म्हणतो तंत्रनिकेतन. तंत्र म्हणजे मुळात माग, त्यावर ताणलेलं सूत. निकेतन म्हणजे घर. जिथे हात चालतात ते घर, कळलं?" मी तर हुरळूनच गेले.

भूपेश शेठनं मला नालासोपाऱ्यात त्याच्या क्लासच्या दारावर टांगलं. आत डोकावले आणि माझं डोकंच फिरलं. माग राहू दे, साधा पाना नव्हता! कोर्स वेल्डिंगचा, आणि मुलं फळ्यावरचं मशीनचं चित्र वहीत उतरवतायत. नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा. आणि ते नाव मिरवायचं मी!

पाचूबंदरची लिडिया रोज विचारायची, "सर, मशीन कधी येनार?" पप्पांच्या बोटीचं लोखंडी काम तिला स्वतः करायचं होतं. शेठ म्हणायचा, "पुढच्या महिन्यात." अशी दोन वर्षं काढली मेल्यानं.

त्यात मला टांगलेल्या एका कडीचा जोड तुटला. शेठनं तो तारेनं बांधला. वेल्डिंग शिकवणाऱ्याच्या दारात तार! थांब म्हटलं, तुला दाखवते.

सरकारी तपासणीच्या दिवशी शेठनं मशीन भाड्यानं आणलं. तपासणीच्या मॅडम दारात आल्या आणि मी तार सोडली. धाडकन एका अंगावर लोंबकळले.

मॅडम म्हणाल्या, "मशीन आहे, मुलं आहेत. ही पाटी जोडा बघू."

शेठ लिडियाच्या कानाशी पुटपुटला, "हात दुखतोय म्हण. सर्टिफिकेट पाहिजे ना?"

सर्टिफिकेट गेलं तर दोन वर्षं पाण्यात. तरी पोरगी बोलली, "मॅडम, कोन जोडनार? मशीन आमी आज पयल्यांदा बघतोय."

शेठचं तोंड बघायला हवं होतं! माझे डोळे निवले. आठवड्यात दाराला कुलूप लागलं. पण लिडियाचीही दोन वर्षं बुडाली, ते मात्र मला अजून टोचतं.

जाताना तिनं मला घरी नेलं. आता ती वेल्डिंगच्या सरकारी वर्गात जाते आणि रविवारी चर्चमधली मिसा झाली की भाड्याच्या मशीननं अंगणात माझ्यावर हात बसवते. अक्षरं सगळी जळाली. जळू देत.

काल तिनं मला मधोमध कापलं आणि पुन्हा जोडलं. जोड जरा वाकडा आलाय. भूपेश शेठ, ये एकदा पाचूबंदरला. दोन्ही हातांनी धर आणि ओढून बघ.