नागिणीच्या पोटातलं दूध

मित्रांनो, मला पाहून नाक मुरडू नका. मी एक जुनी नागीण आहे. बांबूची, कापडाची, दोन पंखांची. भंगार नाही!

अकोल्याच्या जुन्या शहरात छप्पन साली माझा जन्म झाला. मोहरमचे ताजिये बांधणाऱ्या इनायतुल्लानं माझा सांगाडा बांधला आणि पोटात लोहाराचा चामडी भाता बसवला. समोरच्या घरातल्या अनसूयाबाईंनी जुन्या लुगड्यांची माझी कातडी शिवली. गणपतीत माझा हलता देखावा असे. एका कुटुंबाला मोर्णा नदीच्या काठी माझं अंडं सापडतं, ते माझं पिल्लू वाढवतात, मी चिडून गाव जाळायला येते आणि शेवटी त्याच माणसांना पाठीवर घेऊन उडते. भाता दाबला की तोंडातून उदाचा धूर निघे. डाव्या पंखाची दोरी इनायतुल्ला ओढी, उजव्या पंखाची अनसूयाबाई. दोघांचा हात एकदम पडला तरच मी उडे. आसपासच्या खेड्यांतून छकडे जुंपून माणसं येत. माझ्यासारखी दुसरी अख्ख्या वऱ्हाडात नव्हती. फुशारकी नाही ही, खरं आहे म्हणून सांगते.

एरवी मी अनसूयाबाईंच्या माळ्यावर राही. एका नागपंचमीला बाईंना भक्तीचा उमाळा आला. वारुळापर्यंत जायचं कशाला, घरातच नागीण आहे! मला कुंकू लावलं आणि वाटीभर दूध घशात ओतलं. ते कुंकवासकट थेट भात्यात गेलं. बांधणाऱ्याला विचारायचं होतं. पण विचारतील त्या बाई कसल्या!

गणपती येईपर्यंत चामडं सडलं. देखाव्यात भाता दाबला, तर धुराऐवजी असा वास सुटला की पुढची रांग उठून पळाली.

"सडकं चामडं लावलं तुमी, इनायतभाई!" बाई चारचौघांत कडाडल्या.

"माह्या हातचं चामडं सडत नाही, बाई. तुमच्या घरी काय झालं ते तुमाले ठाऊक!" त्यानं डावा पंख सोडवला, खांद्यावर टाकला आणि घर गाठलं.

मग मी एका पंखाची. पोरं 'लंगडी कोंबडी' म्हणून ओरडत. तुमच्यासारखीच कार्टी होती! दारं समोरासमोर, पण दोन्ही घरांचं बोलणं बंद. शेवटी मंडळानं ठरवलं, यंदा गणपतीसोबत हिलाही मोर्णेत बुडवा.

मला अंगणात ओढून काढलं. नवऱ्याची कारागिरी नदीत जाताना इनायतुल्लाच्या सुरैय्याला बघवेना. ती तडक गल्ली ओलांडून आली. माझ्या जबड्यात कोपरापर्यंत हात घालून तिनं कुजका भाता ओढून काढला. आत वाळलेल्या दुधाची खपली, तिला कुंकू चिकटलेलं.

"काहून बाई, चामड्याले कुंकू आमी लावलं का?"

अनसूयाबाईंचा चेहरा उतरला, जीभ मात्र नाही. "घरची नागीण सणाच्या दिवशी उपाशी ठेवू काय? हसतं कायले? जाय, पंख घेऊन ये म्हण तुह्या नवऱ्याले."

"ते माफी मांगा म्हणतीन."

बाईंनी माझी उजवी दोरी उचलली, मनगटाला गुंडाळली. "त्याले सांग, अनसूया दोरी धरून उभी हाय. समजाचं ते समजून घे म्हणा."

तो आला. रामराम नाही, सलाम नाही. पंख बांधला, नवा भाता बसवला.

"ओढा."

"तुमी ओढा आधी."

शेवटी दोघांनी एकदमच ओढली. मी उडाले.

त्यानंतरही दोरी हातात असली तरच ती दोघं बोलत, तेही भांडणापुरतं. म्हणून सांगते, मित्रांनो, जुन्या वस्तूच्या पाया पडण्याआधी तिच्या पोटात काय आहे ते बांधणाऱ्याला विचारा. कोरडी जागा द्या, अधूनमधून ऊन दाखवा. आणि दूध? ते मांजराला पाजा!