मायचं सुतक

सुकलालला काळकपाटात ठेवलं तेव्हा तो छत्तीस वर्षांचा होता. सचिन औद्योगिक वसाहतीतल्या एका डाइंग मिलमध्ये तो रंगाच्या टाकीवर कामाला होता. एका दुपारी पाइप फुटला, विषारी वाफ छातीत गेली आणि दोन्ही फुफ्फुसं निकामी झाली. डॉक्टर म्हणाले, आज यावर इलाज नाही, पुढे निघेल. तोवर याला थांबवून ठेवता येईल.

सुरुवातीला त्या कपाटांत लसी आणि रक्त ठेवत. आत काळ सरकतच नसे; बर्फाचा खडा वर्षाने काढला तरी तसाच निघे. मग माणसं ठेवायला लागले. सुकलाल बेशुद्ध होता, म्हणून त्याच्या बायकोने, उषाबाईने, सही केली. विचार करायला तिला पाव तास मिळाला.

त्याला नऊ वर्षं झाली. दर गुरुवारी ती गोडादऱ्याहून दोन रिक्षा बदलून रुग्णालयात जायची आणि काचेतून त्याला बघायची. दोन दिवसांची वाढलेली दाढी तेवढीच, नखांत निळा रंग तोच. इकडे तिच्या कानाजवळचे केस पांढरे झाले. साड्यांना लेस लावायचं काम घरी आणता आणता ती आता आठ बायकांना काम देत होती. सहा वर्षांची मुलगी धनश्री पंधराची झाली, मैत्रिणींशी गुजरातीत भांडायला लागली. आणि सासू, इंदुबाई, तिसऱ्या वर्षी गेली.

फेब्रुवारीत डॉक्टर मनीषाबेनचा फोन आला. नवी फुफ्फुसं तयार करता येत होती. म्हणाल तेव्हा कपाट उघडू.

"मला चार दिवस द्या," उषाबाई म्हणाली.

धनश्रीने ते ऐकलं. "मम्मी, तुला पप्पा नकोत का?"

"हवेत गं. पण त्यांची माय गेलीये, आणि ते मला सांगावं लागणार आहे. कसं सांगू, तेच कळत नाही."

चार दिवसांनीही तिला ते कळलं नव्हतं. तरी तिने होकार दिला.

शस्त्रक्रिया नीट झाली. पाचव्या दिवशी सुकलाल बोलायला लागला. नऊ वर्षं गेली हे डॉक्टरांनी त्याला सांगितलं होतं, पण त्याच्या लेखी तो कालच कामावर गेला होता. बायकोच्या केसांकडे बघत राहिला, दाराशी उभ्या उंच पोरीकडे बघत राहिला. मग त्याने विचारलं, "माय कोठे शे? तिला ताप होता. पाळी सुटल्यावर दवाखान्यात नेईन म्हटलं होतं."

उषाबाईने त्याचा हात धरला. "तो ताप उतरला होता. पण माय नही राहिनी. सहा वर्षं झाली."

तो रडला नाही. म्हणाला, "माले इचारं का कोनी, मला थांबवताना?"

"नाही विचारलं. तुम्ही शुद्धीत नव्हता. मीच ठरवलं."

"मायच्या तोंडात पाणी घालायला मी नव्हतो."

"नव्हता. माझ्यावर रागवा हवं तर. मी ऐकून घेईन."

त्याने भिंतीकडे तोंड केलं. दोन दिवस तो तिच्याशी बोलला नाही.

तीन आठवड्यांनी घरी आल्यावर त्याने सांगितलं, मी सुतक पाळणार. आजपासून दहा दिवस. त्याचा चुलतभाऊ काशिनाथ भेस्तानहून आला होता. इंदुबाईला अग्नी त्यानेच दिला होता. तो चिडला. "सगळं यथासांग झालंय. इतक्या वर्षांनी नुसती आंघोळ केली तरी पुरते. माणसं हसतील."

"हसू द्या, भाऊ," उषाबाई म्हणाली. "आपल्याला सहा वर्षं झाली. त्यांची माय आत्ता गेलीये."

तिने लेसचं काम शेजारच्या खोलीत हलवलं, चटई अंथरली. आठही बायका एकेक करून येऊन बसून गेल्या. त्यांतल्या दोघींनी इंदुबाईला पाहिलंही नव्हतं.

चौथ्या दिवशी सुकलाल धनश्रीला म्हणाला, "तुझी आजी कशी गेली, सांग. उषा माल आणायला-पोचवायला बाहेर असायची म्हणे. तू जवळ होतीस ना?"

धनश्री अडखळली. "तिला शेवटी काही आठवायचं नाही. रोज विचारायची, सुकलाल उना का? मी सांगायचे, डबल पाळी आहे, येतीलच. रोज खोटं बोलायचे मी. मम्मीलाही कधी सांगितलं नाही."

"तिला खरं वाटायचं?"

"म्हणायची, मग त्याच्यासाठी भाकर झाकून ठेव. मी ठेवायचे. सकाळी ती विचारायची, जेवला का? मी हो म्हणायचे. ती भाकर मीच खाल्लेली असायची."

सुकलालच्या तोंडून हसू फुटलं आणि त्यातच तो रडायला लागला, छातीवरचे टाके धरून. उषाबाई दारात उभी होती. ती आत आली नाही. धनश्रीने बापाच्या पाठीवर हात ठेवला आणि तसाच राहू दिला.

दहाव्या दिवशी तापीकाठी काशिनाथही आला, न बोलावता. विधी झाल्यावर उषाबाई आणि सुकलाल पायरीवर बसले. त्याला अजून लवकर दम लागत होता.

"एक विचारू?" ती म्हणाली. "पुन्हा तशी वेळ आली तर? आता सांगून ठेवा."

तो म्हणाला, "त्या वेळी केलंस ते ठीक केलंस. पोरगी बघायला मिळाली. पण पुन्हा नको. पुन्हा तशी वेळ आली तर नुसती जवळ बस."

"बसेन," ती म्हणाली.

वर रस्त्यावर धनश्री रिक्षावाल्याशी गुजरातीत घासाघीस करत होती. दोघं सावकाश पायऱ्या चढू लागले.