खाऱ्या पाण्याचा पाहुणा

“ज्याला ओढता येतं तोच या दुनियेत जगतो. बाकीचे नुसते पडून राह्यतेत,” असं कचरू मिस्त्रीनं बद्रीनाथच्या विहिरीच्या तळातून जाहीर केलं, तेव्हा तो स्वतः मांड्यांपर्यंत गाळात रुतलेला होता आणि त्याला वर ओढायला चार माणसं लागली.

वर आल्यावर त्याने पाइपाच्या तळटोकाच्या फुटव्हॉल्व्हमध्ये अडकलेला बेडूक सगळ्यांना दाखवला, बेडकाला सोडून दिलं आणि इंजिनाला हँडल मारलं. पाणी पडलं. एकोणीसशे त्र्याण्णव सालच्या एप्रिलात पाणी पडणं ही पाहायला माणसं जमावीत अशीच गोष्ट होती, आणि बद्रीनाथच्या मोसंबीच्या बागेत ती जमलीही होती.

बदनापूरपासून पार घनसावंगीपर्यंत, जिथे जमिनीत पाणी होतं तिथे आणि जिथे नव्हतं तिथेही, कचरूला बोलावणं जायचं. पंप उघडायच्या आधी तो पाइपाला कान लावायचा. डॉक्टर छातीला लावतात तसा. फरक इतकाच की कचरूच्या हातून पेशंट गेल्याचं कुणी ऐकलं नव्हतं. वेळ लागायचा, शिव्या लागायच्या, एखादं वॉशर लागायचं, पण पाणी पडायचं. या एका गोष्टीचा त्याला गर्व होता. दुसरी गोष्ट गर्व करण्यासारखी आयुष्यात घडली नसल्यामुळे तो सगळा गर्व या एकीच्याच वाट्याला आला होता.

हात धुतोय तोवर लतीफ पंक्चरवाला लुना घेऊन बांधावर आला.

“मिस्त्री, जल्दी चला. रोडवर एक मासा दम तोडून राह्यला.”

“मंग मला कशाला? मसाला वाटायला सांग तुझ्या बायकोला, लालबीला.”

“मजाक न्हाई. माणसाएवढा मासा हाय. त्याची हवेची मशीन बंद पडली.”

मशीन म्हटल्यावर कचरू लुनावर बसला.

बदनापूरच्या इतिहासात समुद्र एकदाच आला, आणि तोही लतीफच्या दुकानापर्यंतच. ट्रकवर लोखंडी हौद, आतून प्लॅस्टिक लावलेलं, वर ताडपत्री. हौदात खारं पाणी आणि तळाला तपकिरी रंगाचा एक मासा, जेवणानंतर सतरंजीवर आडवा झालेल्या मामासारखा. डोळे इवलेसे. तोंडाच्या वर दोन मिशा लोंबत होत्या. सोबत एक बाई होत्या, मालवणकडच्या, समुद्रातले प्राणी हाच त्यांचा अभ्यास. तारकर मॅडम म्हणून त्यांनी ओळख करून दिली. मासा लक्षद्वीपच्या खडकांमधला, नर्स शार्क जातीचा. नागपूरला मोठं मत्स्यालय उभं राहिलं होतं, तिकडे चालला होता. थंडीत न्यायचं ठरलं होतं. मंजुरी चैत्रात आली. पाण्यात हवा सोडणाऱ्या मशीनच्या पिस्टनच्या रिंगा झिजून गेल्या होत्या. नागपूर अजून रात्रभराच्या वाटेवर, आणि हवेशिवाय मासा संध्याकाळही बघणार नव्हता. लतीफच्या दुकानात हवा होती, पण लाइट गेलेली होती.

कचरूने मशीन उघडलं, रिंगांचं माप काढून लतीफला जालन्याला पिटाळलं, आणि तेव्हा कुठे हौदात नीट डोकावून पाहिलं.

“हा हलत का न्हाई मॅडम?”

मॅडमनी सांगितलं की बऱ्याच शार्कना दम घ्यायला सतत पोहत राहावं लागतं. हा त्यातला नव्हे. हा दिवसभर कपारीत पडून असतो, भाऊबंदांच्या अंगावर अंग टाकून, आणि पडल्या पडल्या तोंडाने पाणी आत घेतो, कल्ल्यांतून बाहेर सोडतो. रात्री उठतो, कपारीतला खेकडा, लिबलिबीत माकूल, जे सापडेल ते दातांनी धरायच्या आधी नुसतं ओढून घेतो. ओढ इतकी जबर की फटीत दडून बसलेला जीवसुद्धा बाहेर येतो.

कचरूने बाही वर सारली आणि परवानगी न विचारता हात पाण्यात घातला. माशाच्या तोंडाशी बोटांना पाणी ओढलं जात असल्याचं कळलं. गळ्याच्या बाजूला, चिरांपाशी, तेच पाणी बाहेर येत होतं. एकीकडे सक्शन, एकीकडे डिलिव्हरी. मधे ना पट्टा, ना इंजिन. ज्याच्यासाठी आपण जन्मभर लेदर आणि वॉशर बदलत आलो, ते काम हा गडी झोपून करत होता. कचरूने हात काढला आणि, का कोण जाणे, टोपीही काढली.

“धाप लागलीये त्याला,” तो म्हणाला.

“हो,” मॅडम म्हणाल्या. “मघापासून वाढतेय.”

तोवर गाव जमलं होतं. दहा दिवसांनी आलेल्या टँकरचं पाणी घेऊन बाया परतत होत्या, त्यांना कळलं की ट्रकमधल्या कुणाचा तरी जीव पाण्यासाठी कासावीस झाला आहे. पुढचं सांगावं लागलं नाही. गोजरबाई सगळ्यांत पुढे, डोक्यावरची घागर उतरवून थेट हौदाच्या कडेला. मॅडम धावत आडव्या झाल्या.

“मावशी, हे पाणी नको.”

गोजरबाईंची घागर हवेतच राहिली. “का ओ? आमच्या घागरीचं चालत न्हाई का त्याला?”

इकडे माणूस शिवी गिळतो, पण पुढे केलेलं पाणी कुणी नाकारलं तर ते तीन पिढ्या लक्षात राहतं. मॅडमना नेमकं काय झालं ते कळलं नाही, पण काहीतरी झालं एवढं कळलं.

“माय, तसं न्हाई,” कचरू मधे पडला. “खाऱ्या पाण्याचं जित्राब हाय ते. तुझ्या डिझेलच्या इंजनात रॉकेल वतलं तर चालंल का?”

“चालतंय की. पोरगं तेच वततंय.”

कचरूला हे ठाऊक होतं. ते इंजिन त्यानेच दोनदा उघडलं होतं. त्याने उदाहरण सोडून दिलं. “गोड पाण्यानं मरंल ते.”

“पाण्यानं मरंल?”

“हां.”

गोजरबाईंनी वाकून माशाकडे पाहिलं. रुसवा गेला आणि तिथे कीव आली. “आन् आम्ही पाण्यावाचून,” त्या म्हणाल्या. “काय एकेकाचं नशीब.” आणि घागर पुन्हा डोक्यावर घेऊन त्या तिथेच उभ्या राहिल्या.

पाणी नवं घालता येत नाही, तर आहे तेच खेळवायचं, असं कचरूने ठरवलं. त्यासाठी पंप हवा होता, आणि तालुक्यात त्या घटकेला खात्रीने चालणारा पंप एकच होता. बद्रीनाथ आधी नाहीच म्हणाला. बाग सुकतेय, आज कुठे पाणी चढलंय, माशाला काय मोसंबी लागणार आहे का, असं बरंच बोलला. त्याचं चुकत नव्हतं. कचरूने वाद घातला नाही. आज तुझ्याकडची मजुरी घेत नाही, आणि रात्रीतून पंप परत बसवून देतो, नाही बसवला तर उद्यापासून मला मिस्त्री म्हणू नको, एवढंच म्हणाला. बद्रीनाथने बैलगाडी जुंपली.

पंप धुतला. फुटव्हॉल्व्हला गाळणीसारखा जुन्या साडीचा पदर बांधून तो हौदात सोडला, दुसऱ्या टोकाला भोकं पाडलेला पाइप हौदावर आडवा टाकला आणि इंजिन सुरू केलं. हौदातलंच पाणी वरून सरींसारखं हौदात पडू लागलं. मॅडम काठावर बसून पाण्यात पाहत राहिल्या. बऱ्याच वेळाने म्हणाल्या, धाप कमी होतेय.

मग रिकामा वेळ मिळाला, तेव्हा कचरूने पाहुण्याची चौकशी केली. कोण, कुठले, भावकी कोणती, हे न विचारता त्याला करमेना. मॅडमनी रीतसर सांगितलं. अंगात हाड एकही नाही, सगळी कूर्चा. आपल्या कानाच्या पाळीत असते तशी. म्हणून कूर्चामाशांच्या वर्गातला. त्यात पुन्हा गालिचा शार्कांच्या गणातला. जगातला सगळ्यांत मोठा मासा, ट्रकहून लांब असणारा देवमुशी ऊर्फ व्हेल शार्क, याच गणातला, म्हणजे लांबचा चुलता. हा जन्मतो आईच्या पोटातच अंडं फोडून, आणि बाहेर येईपर्यंत आईचीच उरलेली अंडी खातो.

“नर्स कशापायी म्हंतेत? दवाखान्यात हाय का?”

“नक्की कुणालाच माहीत नाही. कुणी म्हणतं, ओढताना दूध पिणाऱ्या पोरासारखा आवाज येतो म्हणून.”

कचरूने मान डोलावली. चांगल्या सक्शनला तसाच आवाज येतो, हे त्याला पटलं.

ऊन उतरायला लागलं तसा मासा अगदीच निपचित पडला. वरून पडणाऱ्या सरींनी पाणी इतकं खळबळलेलं होतं की कल्ले हलतात की नाही ते दिसेना. गर्दीत कुणीतरी ‘गेला’ म्हणालं, आणि तो शब्द चारी बाजूंनी परत आला. मॅडमनी माशाच्या कल्ल्यांशी हात नेला. पण पंपाच्याच पाण्याचा रेटा बोटांना लागायचा.

कचरूने इंजिन बंद केलं.

“काय करताय?” मॅडम म्हणाल्या.

“ऐकू द्या.”

त्याने हौदाच्या तापलेल्या पत्र्याला कान लावला. कान भाजत होता. आत काहीच नव्हतं. हातून गेलेला हा आपला पहिला पेशंट, असं त्याच्या मनात आलं. बाकीचे सगळे पंप खोलून पुन्हा बसवता आले असते. हा नाही.

याच वेळी माजी सरपंच अण्णासाहेब आले. मरण पावलेल्या पाहुण्याला गावाच्या वतीने निरोप दिलाच पाहिजे, म्हणून येताना त्यांनी हार आणला होता. त्यांनी गर्दी शांत केली, समुद्रातून आलेल्या या जिवाने आपल्या मातीत देह ठेवला हे आपलं भाग्य, असं सांगितलं, आणि दोन मिनिटं उभं राहायला लावलं. सगळे उभेच होते. कचरू तेवढा कान लावून वाकलेला.

“जिता हाय,” तो हळू म्हणाला. दूरवरच्या विहिरीवर पंप चालावा तसं काहीतरी त्याला ऐकू आलं होतं. कुणी लक्ष दिलं नाही, कारण मयताचं तोंड पाहायची रीत राहिली होती. अण्णासाहेब वाकले, त्यांनी दोन्ही हातांनी माशाची हनुवटी पाण्याबाहेर उचलली आणि तोंडाजवळ तोंड नेलं.

माशाने जी पिचकारी मारली ती अण्णासाहेबांच्या कपाळावर बसली, टोपी घेऊन मागे गेली आणि पाचव्या रांगेतल्या लोकांनाही पोचली. समुद्राची चव बदनापुरात पहिल्यांदा अण्णासाहेबांनी घेतली.

“पकडला की हा तसं करतो,” मॅडम म्हणाल्या. त्या रडत होत्या की हसत होत्या, ते कळत नव्हतं.

“डिलिव्हरी बराबर हाय,” असं म्हणून कचरूने इंजिनाला हँडल मारलं.

लतीफ रिंगा घेऊन आला. कचरूने त्या बसवल्या, मशीन सुरू केलं, पंप उतरवला. पाण्यात बुडबुडे उठले. निघताना त्याने विचारलं, नागपूरचं झाल्यावर याला परत समुद्रात नेऊन सोडता का.

“नाही. आता तिकडेच राहील. काचेत.”

हौदात हात घालून कचरूने माशाच्या गळ्याजवळच्या चिरांपाशी थोडा वेळ धरला, पाणी लागलं, मग काढून घेतला. ट्रक जालन्याच्या दिशेने दिसेनासा होईतो तो रस्त्यावर उभा होता, आणि त्याला पाहून बाकीचेही उभे राहिले.

हार उरला होता. अण्णासाहेब ओल्या अंगाने पुन्हा पुढे झाले. अरबी समुद्राला आज जर कुणी जीवदान दिलं असेल तर ते आपल्या मातीतल्या या पुत्राने, असं त्यांनी सांगितलं. हार कचरूच्या गळ्यात पडला. टाळ्या वाजल्या. आता मिस्त्रींनी दोन शब्द बोलावेत, असा आग्रह झाला.

कचरूने तोंड उघडलं. आवाज निघाला नाही. त्याने ओठांवरून जीभ फिरवली, गर्दीवरून नजर फिरवली.

“कुणी तांब्याभर पाणी देतं का,” तो म्हणाला. “सकाळधरून पेलोच न्हाई.”