सुलेखानं लिहिलेला बोर्ड

मी एक बोर्ड बोलतोय. पुस्तकात मला फलक म्हणतील, पण पुंडलिकनगरात सगळे बोर्डच म्हणतात. ‘रणांगण गेमिंग’ नावाच्या गाळ्यात शिरलात की समोरच्या भिंतीवर मी टांगलेला दिसेन. माझा स्वभाव हेवेखोर आहे, हे आधीच सांगून टाकतो. म्हणजे पुढं ऐकताना तुम्हाला नवल वाटायचं नाही.

रस्ता रुंद करायचा म्हणून शहरात दुकानांची तोंडं पाडली, तेव्हा एका भांड्यांच्या दुकानाच्या पाटीचा पत्रा भंगारात गेला. तो मी. सुयशनं मला तिथून उचललं, घासलं, पांढरा रंग दिला आणि गच्चीवर ठेवलं. ऊन असं होतं की रंग बघता बघता वाळला. सुयशला हात धुवायला मात्र पाणी नव्हतं. त्यानं ते रॉकेलच्या बोळ्यानं पुसले आणि तसाच जेवायला गेला.

दुष्काळाची वर्षं होती ती. शहराला अजून सगळे औरंगाबादच म्हणायचे. नळाला पाणी कधी येईल याचा भरवसा नव्हता, आणि तरी चिकलठाण्याच्या बाजूला एकामागून एक इमारती उभ्या राहत होत्या. गावाकडची पोरं खोल्या करून शहरात राहायला आली होती. क्लास सुटला की ती आमच्याकडं यायची.

गाळा दोघांच्या भागीदारीतला. हिमांशू आणि सुयश, पॉलिटेक्निकचे दोस्त. हिमांशूचे वडील मधुसूदनराव बँकेत, सुयशचे वडील सखाराम चिकलठाण्याच्या कारखान्यात ऑपरेटर. दोघांनी मिळून संगणक घेतले, त्यावर सैनिकांचा एक खेळ टाकला आणि तासावर पैसे घेऊन पोरांना खेळायला बसवू लागले. या खेळात स्वतःचा चेहरा दिसत नाही. पडद्यावर दिसतात ते फक्त आपले हात आणि हातातली बंदूक. जणू आपणच आत उतरलोय.

त्यात हिमांशूसारखा नेमबाज शहरातल्या दुसऱ्या कुठल्या गेमिंग कॅफेत नव्हता. पण शिकवायचा त्याला भारी कंटाळा. खेळ सुरू करताना पडद्यावर इंग्रजीत प्रकार विचारतात, त्याला ही पोरं ‘मोड’ म्हणतात. नवा पोरगा हमखास तिथं अडायचा. ‘‘भैया, हा कोणता मोड?’’

‘‘अबे, खेळून बघ ना. कळेल,’’ हिमांशू म्हणायचा, मान न वळवता.

सुयशची मोठी बहीण सुलेखा रोज दुपारी त्याचा डबा घेऊन यायची. तिनं डी.एड. केलं होतं, पण मास्तरांची भरतीच निघत नव्हती. तिनं हे चार दिवस पाहिलं आणि म्हणाली, ‘‘असं कसं कळंल रे त्यांना? मला सांग एकेक, मी लिहिते.’’

सुयश सांगत गेला, ती विचारत गेली. मेल्यावर काय होतं? परत जिवंत होतो का? कुठून? जिंकलं कोण, हे ठरतं कशावरून? सगळं नीट समजल्यावरच तिनं ब्रश उचलला. निळ्या रंगात, वळणदार अक्षरांत तिनं मला लिहिलं. त्या दिवसापासून मी पत्र्याचा तुकडा राहिलो नाही.

सगळ्यात वर तिनं लिहिलं, ‘सगळे विरुद्ध सगळे. इथं कुणी दोस्त नाही. दिसेल त्याच्यावर गोळी झाडा, पाठ भिंतीला ठेवा.’ त्याखाली ‘संघ विरुद्ध संघ’. त्यात आधी समोरच्याचा रंग बघायचा, मग बोट दाबायचं. मग ‘ठाणं राखा’. यात नकाशावर तीन ठाणी असतात आणि ती जितका वेळ ताब्यात, तितके गुण. तिथं तिनं जास्तीचं एक वाक्य घातलं, ‘इथं मारण्यापेक्षा उभं राहणं मोठं.’ झेंडा पळवायचा प्रकार तिनं दोन ओळींत संपवला. तो तिला पोरकट वाटला असावा.

शेवटच्या प्रकाराला मात्र तिनं निम्मी जागा दिली. त्याचं नाव तिनं ठेवलं ‘एकच जीव’. एक बाजू बॉम्ब लावणार, दुसरी तो निकामी करणार. यात मेलेला फेरी संपेपर्यंत परत उठत नाही. तिनं लिहिलं, ‘मेल्यावर गप बसून बघावं लागतं. म्हणून घाई करू नका.’

पोरं माझ्यासमोर उभी राहून ओठ हलवत वाचायची. कुणी माझा फोटो काढून नेला. मी काय फुगलो होतो म्हणून सांगू!

पण लिहिता लिहिता सुलेखाला खेळ उमगला होता. डबा देऊन ती लगेच निघेनाशी झाली. खुर्च्यांच्या मागं उभी राहून सांगायची, ‘‘सुयश, डावीकडं जाऊ नको. ते दोघं तिथंच हायेत, अजून बाहेर निघालं नायत.’’ आणि ते दोघं तिथंच असायचे. कोण कुठं गेला, कुठून परत येईल, हे तिच्या डोक्यात पक्कं असायचं.

हळूहळू पोरं मला वाचायची सोडून तिलाच विचारायला लागली. ‘‘ताई, ठाणं राखायला किती जण ठेवू?’’ ‘‘ताई, बॉम्ब आधी का माणूस आधी?’’ उत्तर माझ्या अंगावर लिहिलेलं होतं! तरी पोरांची पाठ माझ्याकडं आणि तोंडं तिच्याकडं. जिनं मला लिहिलं तिचाच मला हेवा वाटू लागला. तिच्याकडं हजार उत्तरं होती, माझ्याकडं रंगवली तेवढीच.

गाळ्यात असा जळणारा मी एकटा नव्हतो. हिमांशू आता हरलेल्या पैलवानासारखा बसायचा. पूर्वी तो खेळायला बसला की मागं गर्दी व्हायची. आता ती गर्दी सुलेखाच्या मागं होती.

त्या उन्हाळ्यात क्रांती चौकाजवळच्या एका हॉलमध्ये कॅफे-कॅफेंची स्पर्धा जाहीर झाली. संघ पाच जणांचा. आमचा पाचवा खेळाडू नोकरी लागून पुण्याला गेला.

‘‘ताईला घेऊ,’’ सुयश म्हणाला.

‘‘सांगणं वेगळं, खेळणं वेगळं,’’ हिमांशू म्हणाला.

‘‘मग बघू की बसवून.’’

सिडकोतल्या एका कॅफेची पोरं सरावाला आली होती. ‘एकच जीव’ लावला. कूलर होता, पण त्यात ओतायला पाणी नव्हतं, म्हणून तो नुसती गरम हवा फेकत होता. हिमांशूनं सुरुवातीलाच धावत जाऊन दोघांना टिपलं आणि तिसऱ्याच्या हातून मेला. मग एकेक करत आमचे सगळे गेले. उरली सुलेखा. समोर दोघं जिवंत, बॉम्ब लागलेला.

‘‘ताई, मार त्याला! मार!’’ पोरं ओरडत होती.

तिनं कुणालाच मारलं नाही. एका दारात धुराचा गोळा फेकला. ती त्या दारातून येणार असं समजून दोघं बंदुका रोखून बसले, आणि ती मागच्या जिन्यानं उतरून बॉम्बपाशी गेली, तो निकामी केला. गाळ्यात असा गलका झाला की शेजारचा किराणावाला बघायला आला. हिमांशूनंही टाळ्या वाजवल्या. पण मी समोरूनच बघत होतो. त्याचे हात वाजत होते आणि जबडा आवळलेला होता. तो चेहरा मला परका वाटला नाही.

दोनच दिवसांनी सखाराम दारात आले. ‘‘सुयश, टँकर आलाय. हंडे घे, पळ!’’ सुयश धावला. सखाराम धापा टाकत होते. पाण्यावाचून कारखान्याची एक पाळी बंद झाली होती, त्यामुळं ते घरीच असायचे. हिमांशूनं त्यांना पंख्याखाली खुर्ची दिली. गाळ्यात त्या वेळी आम्ही तिघंच.

‘‘काका, एक सांगू का? राग मानू नका.’’

‘‘बोल की बाळा.’’

‘‘इथं पोरं फार जमतात. ताई असतात ना, तर मागून काहीबाही बोलतात. मला ऐकवत नाही. उगाच ताईंचं नाव खराब व्हायला नको.’’

सखाराम उठले. मग पायात चपला सरकवत म्हणाले, ‘‘बरं झालं सांगितलंस. घरचाच हाईस तू.’’

कुठल्याच पोरानं काही म्हटलं नव्हतं. चोवीस तास भिंतीवर असतो मी, मला माहीत नसणार? तिच्यासमोर पोरं मोबाईलवरसुद्धा हळू आवाजात बोलायची. पण खरं सांगतो, मला आनंदच झाला.

सुलेखा यायची थांबली. सुयशला घरात एवढंच कळलं की आता पोरीच्या जातीनं तिथं जायचं नाही, असं बापानं ठरवलंय. तो बापाशी भांडला, पण चाललं नाही. पोरं पुन्हा माझ्यासमोर उभी राहू लागली. दोन दिवस मी सुखात होतो. मग एकानं वर बघत विचारलं, ‘‘पण दोघंच उरलो तर कोणतं ठाणं सोडायचं?’’ मी काय सांगणार? ते माझ्या अंगावर नव्हतं. थोडा वेळ वाट बघून तो निघून गेला.

पाचवा म्हणून हिमांशूनं आपला मावसभाऊ मिहिर घेतला. स्पर्धेत काय झालं ते मी पोरं परत आल्यावर त्यांच्या तोंडून ऐकलं. पहिल्याच सामन्यात ‘एकच जीव’ आला. प्रत्येक फेरीत हिमांशू एकटा पुढं पळाला, एखाद-दुसरा टिपला आणि मेला. मग मेलेल्यानं बसायचं तसं गप बसून बाकीच्यांना हरताना बघत राहिला. हरवणारी पोरं सिडकोचीच होती. जाताना त्यांनी विचारलं म्हणे, ‘‘तुमच्या त्या ताई नाय आल्या?’’

दुपारी सगळे गाळ्यात येऊन बसले होते, तेवढ्यात सखाराम आले. मागं सुलेखा. ती आत आली नाही, उंबऱ्यापाशी थांबली.

‘‘हिमांशू, एक काम हाय,’’ सखाराम शांतपणे म्हणाले. ‘‘माझ्या पोरीबद्दल जे पोरगं बोललं, त्याचं नाव सांग. मी पोरीला घरात बसवलं, मग त्याला का मोकळं सोडू? त्याच्या बापाला भेटून येतो.’’

सुयश ताडकन उठला. ‘‘कोण बोललं? हिम्या, मला का नाय सांगितलंस?’’

सखारामांनी त्याला हातानं बाजूला केलं.

‘‘नाव सांग बाळा.’’

‘‘कोणी नाही, काका.’’

‘‘म्हंजी?’’

‘‘कोणीच काही बोललं नव्हतं. मीच रचून सांगितलं.’’

सुलेखा आत आली. ‘‘का रे?’’

‘‘मला बघवलं नाही,’’ हिमांशू म्हणाला. ‘‘सगळे तुमच्याभोवती. मी कुणीच नाही.’’

‘‘मी काय तुला हरवायला आले होते?’’ ती म्हणाली. ‘‘मी तुमच्याच बाजूनं होते की.’’

सुयश त्याच्या अंगावर धावला होता. तिनं हात आडवा घातला. सखाराम मुलीकडं वळले. ‘‘चुकलं माझं. आधी तुला इचारायला पायजे होतं.’’

‘‘व्हय,’’ ती म्हणाली, ‘‘पायजे होतं.’’ आणि दोघं उन्हात निघून गेले.

भागीदारी मोडली. सुयशनं आपल्या वाट्याचे संगणक उचलले आणि बहीण-भावानं चिकलठाण्याच्या नव्या वसाहतीत गाळा घेतला. सामान हलवायच्या दिवशी सुलेखा माझ्यासमोर उभी राहिली. मला वाटलं, आता उतरवेल. मी तिचाच ना? तिनं ओढणीच्या टोकानं माझ्यावरची धूळ पुसली आणि सुयशला म्हणाली, ‘‘राहू दे इथंच. मी नवा लिहिते.’’

त्या ‘नव्या’नं मला जेवढं जाळलं, तेवढं उन्हानंही जाळलं नव्हतं.

यालाही आता वर्षं झाली. पुढं पाऊस झाला, टँकर कमी झाले, शहराचं नाव बदललं. माझी निळी अक्षरं फिकी पडलीत. कोपऱ्याला गंज धरलाय. हिमांशू अजून इथंच आहे, थोडा सुटलाय. एकदा तो चिकलठाण्याला जाऊन माफी मागून आला. मिहिरला सांगत होता, ‘‘पाणी दिलं तिनं. बस म्हणाली नाही.’’

नवा पोरगा आला की तो आता स्वतः उठतो, माझ्यावर बोट ठेवून एकेक ओळ वाचून समजावतो. ‘‘घाई करू नको,’’ सांगताना त्याचं बोट तिथं जरा जास्त वेळ थांबतं.

तिचा गाळा जोरात चालतो म्हणतात. तिथं मुलीही खेळायला येतात. मिहिर मध्ये जाऊन आला, तेव्हा हिमांशूनं अगदी सहज विचारल्यासारखं विचारलं, ‘‘तिच्या बोर्डावर काय लिहिलंय रे?’’

‘‘मोठा आहे. रंगीत आहे. खेळात नवा मोड आलाय ना, पडलेल्या साथीदाराला उचलून परत उठवायचा, तोही तिनं लिहिलाय.’’

‘‘अक्षर?’’

‘‘तेच.’’

हिमांशूनं मान वर करून माझ्या अक्षरांकडं पाहिलं.

तुम्ही कधी चिकलठाण्याच्या विमानतळाकडं निघालात, तर वाटेत तिच्या गाळ्यात जरूर डोकवा. तो बोर्ड पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत वाचा. मग इकडं या. माझ्यापेक्षा वाईट असला, तर मोठ्यानं सांगा, हिमांशूलाही ऐकू जाऊ द्या. चांगला असला, तर मात्र जवळ येऊन मला एकट्यालाच सांगा. आणि त्या नव्या मोडच्या दोन ओळी तिनं कशा लिहिल्यात, त्या तेवढ्या तोंडपाठ करून या. माझ्या खालच्या कडेला थोडी जागा आहे.