मेल्यावरचं लाल पाकीट

बावीस वर्षांत मॅक सिउहंग पडद्यावर एकशे एकोणीस वेळा मेला. कधी तलवारीनं, कधी विषानं, कधी छपरावरून पडून. हाँगकाँगच्या स्टुडिओंत रीत अशी, की मेलेला नट उठून कपडे झटकू लागला की निर्मात्यानं त्याच्या हातावर लाल पाकीट ठेवायचं. आत चार नाणी का असेनात, मरणाचं सावट त्यानं उतरतं. मॅकला नायक कुणी केलं नाही, पण त्याचं पाकीट कधी कुणी चुकवलं नाही.

आता तो स्वतःच निर्माता झाला होता. पहिलाच सिनेमा, राहतं घरही त्यात घातलेलं. शेवटची उडी नायकाच्या जागी फंग कामपो मारणार होता. दोघं एकाच दिवशी स्टुडिओत आले होते आणि वर्षानुवर्षं शेजारीशेजारी मेले होते. बांबूच्या परांचीवरून, तिसऱ्या मजल्याच्या उंचीवरून, खाली रचलेल्या रिकाम्या खोक्यांवर पडायचं.

फंग छान पडला, उठलाही. पण उडी होती नायकाची, आणि कॅमेऱ्यात दिसला फंगचा चेहरा.

"पुन्हा," दिग्दर्शक म्हणाला.

खोकी चेपली होती. नवी आणून रचायला तास गेला असता, ऊन उरलं होतं अर्ध्या तासाचं, आणि चित्रीकरणाला घेतलेली गल्ली उद्या मिळणार नव्हती. चेपलेली खोकी काय करतात हे मॅकची कंबर नऊ वर्षं भोगत होती.

फंगनं खोक्यांकडे पाहिलं, मग त्याच्याकडे. "काय निर्मातेसाहेब, यांच्यावरच?"

"चेपलेली उलट मऊ असतात."

नऊ वर्षांपूर्वी त्याला हेच ऐकवलं गेलं होतं. मॅकला स्वतःची लाज वाटली. ती झाकायला त्यानं खिशातलं लाल पाकीट काढून फंगच्या हातात कोंबलं.

"अरे, अजून मेलो कुठे?" फंग हसला. "डोकं फिरलंय का तुझं? हे उठल्यावर द्यायचं."

"राहू दे रे. ऊन चाललंय."

नाही म्हणणाऱ्या नटाला उद्या काम नसतं, हे दोघांनाही पाठ होतं. फंगनं पाकीट कमरेला खोवलं आणि तो वर चढला.

या वेळी चेहरा दिसला नाही. उडी अप्रतिम झाली. मॅकनं टाळ्यासुद्धा वाजवल्या, पण फंग उठेना.

अंत्यविधीला दारात प्रत्येकाला पांढरं पाकीट मिळत होतं. आतली साखरेची गोळी तिथेच खायची, नाणं घरी पोचण्याआधी खर्चायचं, म्हणजे मरण पाठीमागे येत नाही. मॅक शवपेटीपुढे तीनदा वाकला. फंगच्या बायकोनं चुरगळलेलं, न उघडलेलं लाल पाकीट त्याच्यापुढे धरलं.

"हे घ्या, दादा. उठणाऱ्याचं असतं ना हे?"

"वहिनी, तो नाही म्हणाला असता तर मी..."

"तुम्हाला ते कधीच नाही म्हणाले नसते. म्हणून तर तुम्ही विचारायचं नव्हतं."

वाटेत मॅकनं नाणं वर्तमानपत्रावर खर्च केलं. लाल पाकिटाचं काय करायचं, हे मात्र बावीस वर्षांत त्याला कुणी सांगितलं नव्हतं. ते त्याच्या खिशातच राहिलं.