तियागोचा आवाज

रागिणीनं आवाज बंद केला आणि पडद्यावरच्या मुलाकडं ती नुसतीच बघत राहिली. कुरळे केस, उन्हानं रापलेला रंग, खांद्यावर दुपट्टा. तियागो ब्राझीलचा आहे हे सांगूनही कुणाला खरं वाटलं नसतं. तोंड उघडेपर्यंत.

शाळेच्या एका योजनेत तो वर्षभरासाठी अमरावतीला आला होता आणि रागिणीच्या शेजारच्या घरी राहत होता. तिच्या पहिल्याच सिनेमाचा नायक ऐनवेळी मुंबईच्या मालिकेत निघून गेला, तेव्हा तिनं भिंतीवरून डोकावून यालाच विचारलं होतं. चेहरा तियागोचा, आवाज मागाहून नितेशचा, असं ठरलं. नितेश तिचा संकलक.

बापाची भूमिका खुशालरावांची. त्यांचं सारं आयुष्य दंडारीत, गावोगावच्या लोकनाट्यात गेलेलं. त्यांच्याच गावी, बार्शीटाकळीला चित्रीकरण सुरू झालं त्याच दिवशी ते तिच्यावर उखडले.

"ज्याले माई भाषा समजत नाई, त्याच्या डोयात पाहून मी बोलू काय?"

पण संध्याकाळी सगळे अमरावतीला परतले तरी तियागो खुशालरावांच्या ओसरीवरच मुक्काम करू लागला. वाक्यं घोकायचा, चुकायचा, पुन्हा म्हणायचा. म्हातारा चिडायचा, शिकवायचा आणि परत चिडायचा.

आता संकलनाच्या खोलीत सिनेमातला शेवटचा प्रसंग समोर होता. आई गेल्यापासून बापलेक एकमेकांशी बोललेले नाहीत. मुलगा ताट घेऊन बाहेर येतो आणि विचारतो, "बा, जेवला काय तू?"

नितेशच्या आवाजात ते वाक्य स्वच्छ आलं. रागिणीनं मान हलवली आणि चित्रीकरणाच्या वेळचा मूळ आवाज लावायला सांगितला. 'बा' म्हणून तियागो थांबला होता. पुढचे शब्द घशातून ओढून काढल्यासारखे आले, खरबरीत, अर्धवट.

"हाच ठेव. सगळ्या सिनेमात."

"ताई, येडी झाली काय? अकोल्याच्या महोत्सवात लोक हासतीन."

"हासू दे."

आणि लोक हसलेच. महोत्सवात पहिल्याच दृश्यात तियागो बकरीशी बोलला, तशी मागच्या रांगांमधून खसखस पिकली. "कसा बोलून राहिला बे हा!" कुणीतरी ओरडलं. रागिणीनं ओढणीचा पीळ घट्ट केला. शेजारी खुशालराव दगडासारखे बसले होते. पलीकडे तियागो मान खाली घालून.

हळूहळू हसू विरलं. ताट घेऊन मुलगा बाहेर आला तेव्हा सभागृहात पंख्यांचा आवाज तेवढा उरला होता.

"बा..."

तो थांबला. सगळं सभागृह त्याच्याबरोबर थांबलं.

"...जेवला काय तू?"

कुठंतरी एक हुंदका फुटला. मग टाळ्या सुरू झाल्या, शिट्ट्या वाजल्या, आणि पडद्यावरची नावं संपली तरी लोक उभेच होते. अभिनयाचं पहिलं बक्षीस तियागोला जाहीर झालं, तेव्हा नितेशच सगळ्यात आधी खुर्चीवर चढला.

पुढचा सिनेमा कोणता, असं पत्रकारांनी विचारलं. तियागोनं हसून हात हलवला. मंगळवारी त्याचं विमान होतं. घरी जाऊन त्याला गुरांचा डॉक्टर व्हायचं होतं.

"बस. झालं," तो म्हणाला.

बाहेर पायऱ्यांवर एका म्हातारीनं त्याची वाट अडवली. तेल्हाऱ्याहून सिनेमा बघायला आलेल्या सुभद्राबाई. त्यांनी त्याच्या गालांवरून हात फिरवून स्वतःच्या कानशिलावर बोटं मोडली.

"रडवलं रे बाप्पा तू मले. कोनाचा होय तू?"

रागिणी सांगायला पुढे झाली. पण तियागोला प्रश्न समजला होता. त्यानं इकडंतिकडं पाहिलं आणि खुशालरावांकडं बोट दाखवलं.

"या बाचा."

सुभद्राबाईंनी म्हाताऱ्याला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं. "चांगलं वळन लावलं हो पोराले."

खुशालरावांनी घसा खाकरला. मग तियागोच्या खांद्यावरचा दुपट्टा नीट केला.

"हट्टी लय हाय, बाई," ते म्हणाले. "लहानपनापासून."