कौतिकची किल्ली सुरतेला गेली

या भाऊ, बसा. तुमची चाळीसगावची गाडी काय एवढ्यात येत नाही, आणि आली तरी डायव्हर आधी चहा पिणार. तोवर आमच्या पाचोऱ्याच्या कौतिकचा किस्सा सांगतो. असा किस्सा की हसू आवरणार नाही, पण कप जरा लांब धरा, शर्ट पांढरा आहे तुमचा.

तर कौतिक म्हणजे साउंडवाला. लग्न म्हणा, हळद म्हणा, पोराचं जावळ म्हणा, जिथं भोंगा लागतो तिथं कौतिकचा टेम्पो हजर. गाणी तो कॉम्प्युटरवर नेटवरून उतरवून घ्यायचा. त्यासाठी एक सॉफ्टवेअर होतं, फुकटातलं. आता फुकटातलं कसं असतं? अर्धं गाणं द्यायचं आणि गप्प. एकदा भर वरातीत गाणं मधेच बंद पडलं, नवरदेवाचा मामा एक पाय वर करून तसाच उभा. घरी आल्यावर बायकोनं, ज्योत्स्नानं, बरोबर हजेरी घेतली. म्हणे, "स्पीकर इतले मोठे घेतले, आनी गानं अर्धं? विकत घ्या ना ते एकदाचं."

घेतलं बुवा त्यानं विकत. कंपनीनं मेलवर किल्ली धाडली. किल्ली म्हणजे लोखंडाची नाही हो! इंग्रजी अक्षरं आणि आकडे, मालगाडीच्या डब्यावर लिहिलेले असतात ना, तसं लांबलचक. ते टाकलं की सॉफ्टवेअर खुलतं. कंपनीनं खाली लिहिलंही होतं, ही किल्ली एकाच कॉम्प्युटरला, दुसऱ्याला देऊ नये. पण ते बारीक अक्षरात, आणि बारीक अक्षर वाचायचा कौतिकला कंटाळा.

आता आमच्याकडची रीत तुम्हाला माहीत आहे. माणूस गावाला निघाला की घराची किल्ली शेजारी ठेवतो. किल्ली न ठेवता गेलं तर शेजारीण महिनाभर बोलत नाही. कौतिकचंही डोकं तसंच चाललं. साउंडवाल्यांचा एक व्हॉट्सॲप ग्रुप आहे, त्याच्यात त्यानं सकाळी फुलांच्या फोटोखाली ती किल्ली टाकून दिली. वर लिहिलं, 'बठ्ठास्नी वापरा, आपलीच शे.' सगळ्यांनी म्हणजे अगदी सगळ्यांनी. लोकांनी हात जोडले, अंगठे दाखवले, एकानं तर त्याला साउंडसम्राट म्हटलं. कौतिक दोन दिवस छाती काढून फिरला.

इथपर्यंत ठीक. आता बेबाबाई.

डोंगराकडच्या एका वाडीतली म्हातारी. अख्ख्या पट्ट्यात हळदीची गाणी म्हणावीत तर तिनं. ती ओळ उचलणार, मग बाकीच्या बाया मागून धरणार. तिच्यावाचून हळद लागत नव्हती म्हणा ना. पण गेल्या साली तिच्या गळ्याचं ऑपरेशन झालं आणि आवाज गेला. आता बोलते ती कुजबुजल्यासारखं, कान तोंडाशी न्यावा लागतो. आणि नेमकं तिच्या लाडक्या नातीचं, भाविकाचं लग्न निघालं. बाकीच्या बायांना मागून म्हणता येतं, पुढं होऊन ओळ उचलायची म्हटली की एकमेकींना कोपरानं ढकलतात.

भाविकाला मोबाईलवर एक चॅनल सापडलं. कुणीतरी जुनी खान्देशी गाणी गोळा करून टाकलेली. त्यात हळदीचं एक गाणं. पोरीनं फोन आजीच्या कानाला लावला. म्हातारीनं डोळे मिटून ऐकलं आणि कुजबुजली, "कोन शे वं ही? गळा चांगला शे."

"आजी, तूच शे ना!"

म्हातारी अशी लाजली, जशी तिचीच हळद आहे.

झालं, भाविका थेट कौतिकच्या दुकानात. "कौतिकभाऊ, हळदीले आजीचं गानं वाजाले पाहिजे. ती पुढे म्हनी, आमी मागून म्हनसूत. पन वाडीत रेंज नही, गानं पेनड्राईव्हमा लागी."

कौतिक म्हणाला, "तू निस्ती मेंदी काढ. मनाकडे किल्ली शे."

शब्द दिला हो त्यानं. बेबाबाईपर्यंत निरोपही गेला.

हळदीच्या आदल्या दिवशी, दुपारचं जेवण करून गडी कॉम्प्युटरपुढे बसला. सॉफ्टवेअर उघडलं, तर लाल पाटी. ही किल्ली बंद करण्यात आली आहे. कौतिकनं अक्षरं पुन्हा टाकली. बंद. फुंकर मारून टाकली. बंद! मग भाच्याकडून इंग्रजीत मेल लिहून घेतला कंपनीला. उत्तर झटकन आलं. तुमची किल्ली धुळे, चाळीसगाव, नंदुरबार, सुरत, अशा गावोगावच्या कॉम्प्युटरांवर वापरली गेली आहे, चौकशी होईल, थोडे दिवस थांबा.

कौतिकनं पहिल्यांदा काय म्हणावं? "ज्योत्स्ना, देख वं! आपली किल्ली सुरतपावत गयी!"

"तुमी बी जा तिच्यामागे," ज्योत्स्ना म्हणाली. "सकाळी बेबाआजीले काय सांगशात?"

तेव्हा कुठं गडी भानावर आला.

त्यानं धुळ्याच्या कुंदनला फोन लावला. कुंदन म्हणजे त्या ग्रुपातला हुशार. प्रत्येक कुलुपाचं त्याच्याकडे औषध. तो म्हणाला, "विकत कशाला घेतलं रे भो? क्रॅक पाठवतो ना. किल्लीचं कामच नाही, डायरेक्ट कुलूप तोडलेलं सॉफ्टवेअर. फक्त एक कर, आधी तुझा अँटीव्हायरस बंद कर. तो उगाच बोंबलतो."

ज्योत्स्ना दारात तांदूळ निवडत होती. तिनं मान वर केली. "म्हन्जे चोर म्हनस, आधी कुत्रं बांधा, मंग मी येस?"

"तुले काय समजस त्यातलं?" असं म्हणून कौतिकनं कुत्रं बांधलं.

पुढचं काय सांगू. क्रॅक उघडला, पडदा काळा झाला, पंखा घरघरला, आणि कौतिकची जमवलेली गाणी एकामागून एक नावं बदलायला लागली. जिथं 'वरात' लिहिलं होतं तिथं भलतीच अक्षरं. एक गाणं उघडेना. मग मधोमध चौकोन आला, इंग्रजीत. भाच्यानं वाचून दाखवलं, गाणी परत पाहिजे असतील तर डॉलर पाठवा. कौतिकनं तारच उपटली भिंतीतून.

लगेच कुंदनला फोन. "कुंदन, तुझ्याकडे चालला का रे हा क्रॅक?"

"मी कुठं चालवला?" कुंदन म्हणाला. "मी फक्त फॉरवर्ड करतो."

बघा आता! रागवावं तरी कुणावर?

ज्योत्स्नाला दया आली. म्हणाली, एका फोनवर वाजवा, दुसऱ्यात भरून घ्या. तेही करून पाह्यलं. स्पीकरला लावलं तर म्हातारी विहिरीत बसून म्हणतीये असं वाटे, आणि मधेच भंगारवाल्याची आरोळी. भाविकाच्या हळदीत 'भंगारऽ रद्दीऽ'! कौतिक डोक्याला हात लावून बसला.

"ज्यानं गानं टाकं त्यालेच इचारा ना," ज्योत्स्ना म्हणाली. "खाले नंबर शे त्याना."

"अवो, चोर काय घरमालकाले इचारीसन येस का?"

"चोरी कोठे झायी आजून? इतला दिवसभर खटपट करी, एक गानं बी नही चोरता उनं तुमले."

तिनंच नंबर फिरवून फोन त्याच्या कानाला लावला. पलीकडे धुळ्याचे योगराजभाऊ, पूर्वी एसटीत कंडक्टर, आता रिटायर. आवाज एकदम तिकीट-तिकीट. "साउंडवाले का? मला माहीत आहे तुमची जात. आमची गाणी उचलायची, खाली धमधम टाकायची आणि वाजवायची. नाही मिळणार!"

"धमधम नही टाकाव, भाऊ. त्या गानावाली बाई, बेबाबाई, तिनाच नातनी हळद शे. तिना आवाज गया."

पलीकडचा तिकीट-तिकीट आवाज खाली आला. मग हळूच, "ती बाई आहे अजून?"

"शे ना. तुमी नाव नही टाकं तिनं. गानाखाले 'पारंपरिक' लिखं शे."

"एका जुन्या लग्नात मीच टेप केलं ते, मांडवात गर्दी होती हो. टेप बंद केला तोवर बाया पांगल्या. नाव विचारायचं राहिलं."

कौतिकच्या तोंडातून निसटलं, "तिले न इचारता गानं तुमी नेलं. मंग भाऊ, चोरी कोनी करी?"

ज्योत्स्नानं जीभ चावली. आता फोन कट होणार! पण योगराजभाऊ खळखळून हसले. "माझंच तिकीट फाडलं की तुम्ही," म्हणाले. "पत्ता सांगा. मूळ टेपवरचं गाणं घेऊन मीच येतो सकाळी."

आणि आले. पहिल्या एसटीनं, पांढरा सदरा, खिशात पेनड्राईव्ह. कॉम्प्युटर तर मेलेलाच, पण साउंडच्या मिक्सरला पेनड्राईव्ह थेट लागतो. वाडीचा मांडव भरलेला, भाविका पाटावर, बेबाबाई शेजारी खुर्चीत, पदर तोंडाला लावून. कौतिकनं बटण दाबलं. एवढी लग्नं वाजवली, पण असा घाम नव्हता फुटला कधी.

आधी खरखर. मग आवाज. आहाहा! तरणी बेबाबाई, खणखणीत, तिच्या जोडीला दुसरी एक बारीक आवाजाची बाई, काचेच्या बांगडीसारखा आवाज. मांडवातल्या बाया नुसत्या बघत राहिल्या. पहिली ओळ तशीच गेली, मागून कुणी धरेना.

तेवढ्यात टेपमधली बेबाबाई गाणं थांबवून ओरडली, "खाले बठ ना वं सोनी! काहीच दिसत नही!"

चॅनलवर हे कापलेलं होतं, मूळ टेपवर तसंच. आणि काय सांगू भाऊ, मांडवात सोनीबाई खरंच उभी होती, आता सत्तरीची, नवरीला बघायला टाचा उंच करून. ती मटकन खाली बसली!

मांडव असा हसला, की हळदीची वाटी कलंडली. बेबाबाई हसून हसून डोळे पुसायला लागली. आणि त्या हसण्यातच पुढची ओळ आली, ती बायांनी मागून अशी उचलली, अशी उचलली, की कौतिकनं भोंग्याचा आवाज कमी केला. मांडवाला भोंगा पाहिजेच नव्हता. बेबाबाईचे ओठ हलत होते. आवाज टेपचा, पण ओळ तीच देत होती.

गाणं संपल्यावर योगराजभाऊ तिच्यापुढे उकिडवे बसले. "अक्का, चुकलं माझं. गाणं चॅनलवर ठेवू, की काढून टाकू?"

तिनं त्यांचा कान ओढून जवळ घेतला. कुजबुजली, पण पहिल्या रांगेला ऐकू आलं. "ऱ्हाऊ दे. नाव टाक. आनी जी मनासंगे म्हनस तिनं नाव बी टाक."

"तिचं नाव काय, अक्का?"

इथं म्हातारी अडली. आठवेना. त्या जुन्या लग्नात नवरदेवाकडून आलेली पाहुणी होती, चाळीसगावच्या बाजूची, एवढंच सांगता आलं तिला. योगराजभाऊंनी त्याच दिवशी बेबाबाईचं नाव टाकलं आणि पुढं जागा मोकळी सोडली. कौतिकलाही कंपनीनं समज देऊन नवी किल्ली दिली, पण गडी आता आधी त्या मोकळ्या जागेच्या मागे लागलाय. भेटेल त्याला विचारतो.

ही बघा, लागली तुमची गाडी. कप ठेवा तिथंच, मी देतो त्याला. फक्त एवढं करा भाऊ, चाळीसगावात घरच्या बायांना विचारा, हळदीला म्हणायची अशी बारीक आवाजाची बाई कोण होती, आणि तिचं नाव तेवढं कौतिकला कळवा.